भिकुबाईनं ओळखलेला दाणा

तापीकाठच्या पांढरीवर, म्हणजे जुन्या वस्तीच्या टेकाडावर, खोदकाम निघालं आणि साठी उलटलेली भिकुबाई तिथं कामाला जाऊ लागली. मुलगा चुडामण कुरकुरला, "माय, घरनं वावर सोडीसन दुसरानी माती कशाले चाळस?" पण तिला घरात बसवत नव्हतं.

खणलेली माती पाण्यात कालवली की जळके दाणे वर तरंगत. ते वाळवून निवडायचं काम भिकुबाईकडे आलं. खालच्या थरांत गहू आणि जव निघाले. वरच्या थरात ते जवळजवळ संपले. बारीक, काळे दाणे तेवढे येऊ लागले.

"तणाचं बी दिसतंय," खोदकामाचे प्रमुख नवनीत सर म्हणाले. "तीन हजार वर्षांपूर्वी इथला पाऊस घटला. पिकं गेली, माणसंही गेली."

भिकुबाईनं चिमूटभर दाणे तळहातावर पसरले. "साहेब, हाई तण नही. बर्टी शे. मी खायेल शे."

सर हसले. ते हसू तिला झोंबलं. बहात्तरच्या दुष्काळात ज्वारी करपली, तेव्हा तिचा बाप डोंगर चढून मोलगीच्या बाजारातून बर्टी, म्हणजे भगरीसारखं बारीक धान्य, घेऊन आला होता. तिच्याच भातावर घर तगलं होतं.

बाजाराच्या दिवशी ती एकटीच जीपनं मोलगीला गेली आणि न कांडलेली बर्टी घेऊन आली. नंदुरबारची अतिका खोदकामात निघालेल्या धान्यावर संशोधन करत होती. तिच्यापुढे पुडी ठेवून भिकुबाई म्हणाली, "पोरी, हाई करपाड, नि शेजारी ठेईसन दख."

अतिकानं दाणे जाळले, जुने-नवे दोन्ही मायक्रोस्कोपखाली धरले. एकेक दाणा फिरवून पाहिला. मग ओरडली, "मावशी, तेच आहेत! सर, लवकर या!"

सरांनी दोनदा पाहिलं. "चुकलो मी, भिकुबाई."

मग त्या थरातल्या चुली आणि पाटे-वरवंटे पुन्हा तपासले गेले; त्यांतही बर्टीच निघाली. माणसं लगेच पळाली नव्हती. कमी पावसाचं धान्य पेरून ती कित्येक पिढ्या तिथंच नांदली होती.

नंदुरबारच्या सभेत अहवाल वाचला गेला, तेव्हा सरांनी आधी भिकुबाईला मंचावर बोलावलं. तिनं माईक घट्ट धरला.

"पानी रुसना, पन त्या बायासनी चुल्हा इझू दिन्हा नही. दाना बदलना, गाव ऱ्हायनं."

सभागृह उभं राहिलं. पहिल्या रांगेत चुडामण सगळ्यांत जोरात टाळ्या पिटत होता, आणि शेजारच्या अनोळखी माणसाला सांगत होता, "मन्ही माय शे ती!"