समोरची गच्ची वर येईपर्यंत

धाकट्या डहाणूत 'उडीवाली काकी' म्हटलं की पुढे काही सांगावं लागत नसे. बंदरावर होड्या एकमेकींना बांधलेल्या असत, आणि सगळ्यात बाहेरच्या होडीतली मासळी आधी हाती लागावी म्हणून माझी ही चुलती एकीवरून दुसरीवर अशा उड्या मारत जाई की पुरुष जाळी सोडून बघत राहत. साठी उलटली तरी तिचा पहिला नंबर हुकला नव्हता.

मग एकदा पाय घसरला आणि खुब्याचं हाड मोडलं. पुन्हा पडलात तर उठणार नाही, असं डॉक्टरांनी बजावलं. काकी म्हणाली, "पाय बरा झाला का मी जानार." घराला धास्ती लागली. तिला घरात गुंतवायचं काम माझ्याकडे आलं, आणि मी माझ्या गेमचा कंट्रोलरच तिच्या हातात दिला.

पुढच्या कुठल्या तरी काळातलं, काचेच्या मनोऱ्यांचं अफाट शहर. धावायचं, भिंती चढायच्या, गच्चीवरून गच्चीवर झेपावायचं; पडद्यावर दिसणार फक्त आपलेच हात-पाय. काकीने आधी पायातल्या सपाता काढल्या. होडीवर कोणी काही घालून चढतं का? मग गच्चीच्या कडेला जाऊन ती थांबली. मागून पहारेकरी धावत आले तरी थांबलीच.

"काकी, मार ना उडी."

"थांब गो, समोरची वर येऊ दे."

लाटेवर होडी वर येते; गच्ची कसली वर येतेय? दहा वेळा पकडली गेली आणि दहाही वेळा शिव्या मला बसल्या.

पण मग तो टप्पा आला, जिथे मी महिनाभर अडकले होते. दोन मनोऱ्यांमध्ये हवेत वर-खाली हेलकावणारे तराफे. काकीने एकदाच नीट बघितलं, दम धरला आणि सुटली. एक, दोन, चार, सातही पार! मी पलंगावर नाचत होते. तिच्या डोळ्यांतली चमक पाहिली आणि माझे पाय थांबले. बाईला घरात बसवायचं सोडून मीच तिला बंदराची आठवण करून दिली होती.

पाय एव्हाना सावरला होता; दुसऱ्याच सकाळी ती डोक्यावर पाटी घेऊन निघाली. मागे तिची सून, सुनेमागे मी. बंदराच्या कडेला काकीने एक लाट जाऊ दिली, दुसरी जाऊ दिली, तिसरीही.

"तुझ्या शहरात पडलं का परत चालू होतं," ती मला म्हणाली. "हितं नाय होत."

तिने पाटी उतरवून सुनेच्या डोक्यावर ठेवली. सून आजवर पहिल्या होडीपलीकडे गेली नव्हती. "खाली बघू नको. मी सांगते तवा जा," काकी म्हणाली.

सून सगळ्यात बाहेरच्या होडीवर पोचली तेव्हा काकीने माझं मनगट सोडलं. तिच्या बोटांचे वळ दिवसभर गेले नाहीत.