बारा कारखानदार, एक खोली

बारा कारखानदारांपैकी सहा जण झोपले होते.

दुपारचे दोन वाजले होते. जागा सुरतच्या बमरोलीतली, दहा बाय दहाची खोली. मी आयकर खात्याचा इन्स्पेक्टर, हातात यादी घेऊन दारात उभा. यादीप्रमाणे हे बाराही जण प्रत्येकी चार यंत्रमागांचे मालक होते, आणि बाराही रिटर्नवर पत्ता याच खोलीचा होता. बाकीचे सहा कुठे आहेत, असं विचारलं. एक जण डोळे चोळत म्हणाला, "दिवसपाळीले."

नव्वदच्या दशकात सुरतमध्ये हे नवीन नव्हतं. आयकराचे स्लॅब असतात. स्लॅब म्हणजे पायऱ्या. पहिल्या पायरीपर्यंत कर नाही, पुढे जसजसं वर चढाल तसतसा कराचा दर वाढतो. अठ्ठेचाळीस मागांचा मालक एकटा वर चढला तर त्याला जास्त कर. म्हणून तो कागदावर माग वाटून देऊन बारा माणसं खालच्या पायरीवर बसवतो. या बारा जणांचा शेठ, हसमुखभाई, दर दिवाळीला मिठाईचं खोकं आणि शर्टपीस द्यायचा आणि त्याबरोबर चार-पाच कागदांवर सह्या घ्यायचा. मिठाई हातात असताना कागद कोण वाचतो? चूक फक्त मुनीमजींची झाली. शेठने नावं बारा करायला सांगितली होती, पत्त्यांचं काही बोलला नव्हता. मुनीमजी सरळ माणूस. जो पत्ता होता तोच त्यांनी बारा वेळा लिहिला.

डोळे चोळणारा सुकलाल होता, पारोळ्याकडचा. मी शेजारच्याच अमळनेरचा, त्यामुळे ओळख लवकर झाली. तो मालक आहे, हे मी त्याला समजावून सांगितलं.

"मी मालक शे?" तो म्हणाला. "ते मना पगार कोन देस?"

मग तो गंभीर झाला. त्याची मुलगी गावी कॉलेजला होती. उत्पन्नाच्या दाखल्यावर तिला फीमाफी मिळत होती.

"भाऊ, मनी पोरनी फीमाफी जाई का?"

जाऊ शकत होती. कारखानदाराच्या मुलीला फीमाफी कोण देणार? माझं स्वतःचं शिक्षण फीमाफीवर झालं होतं. आमच्या घरातला पहिला पदवीधर मी. ती फी कुणाच्या तरी करातून भरली गेली, असं मी मनापासून मानतो. ऑफिसात यावरून माझी थट्टाही व्हायची.

माझा रिपोर्ट वाचून आमचे अधिकारी देसाईसाहेब म्हणाले, "पाटील, इथे तुम्ही करचोरी लिहायची होती. 'समाजातील विषमता' हा शब्द कॉलमात बसत नाही."

"पण साहेब, कर त्यासाठीच असतो ना?"

"असतो, असतो. आधी वसूल तर करू."

त्यांनी हसमुखभाई आणि सुकलाल दोघांनाही स्टेटमेंटसाठी बोलावलं. हसमुखभाई पांढऱ्या सफारीत, अगदी प्रसन्न चेहऱ्याने आले. सुकलाल भिंतीला टेकून उभा राहिला. खुर्ची दिली तरी बसेना.

"साहेब, मैंने तो मजदूरों को मालिक बनाया," हसमुखभाई म्हणाले. "सरकार भी यही चाहती है ना? गरीब आगे बढे?"

माझे कान तापले. देसाईसाहेब मात्र खूश दिसले.

"बहुत अच्छा काम किया. पाटील, लिखो. चार लूम सुकलाल के, हसमुखभाई का कोई हक नहीं. हसमुखभाई, यहाँ साइन."

हसमुखभाईंनी पेन काढलं. तेवढ्यात भिंतीकडून आवाज आला.

"शेठ, तो मैं बेच दूँ क्या? उधना में गिराक है. छोरी की पढाई निकल जाएगी."

"तारा लूम?" 'तुझे माग?' असं विचारताना हसमुखभाई एकदम गुजरातीत आले.

"साहब ने अभी लिखा ना."

सुकलाल चेष्टा करत होता की खरंच विचारत होता, हे मला आजही ठरवता आलेलं नाही. देसाईसाहेब टेबलावरच्या फायली सारख्या करत बसले. हसमुखभाईंनी पेन परत खिशाला लावलं, पाणी मागितलं आणि वकिलाला फोन करू का, असं विचारलं.

आठवड्याभरात अठ्ठेचाळीस माग एका नावावर आले. दंडासकट कर भरला गेला. सुकलालचं मागांशी काही देणंघेणं नाही, असं शेठने लिहून दिलं आणि मुलीची फीमाफी वाचली. सुकलालला कामावरूनही काढलं नाही. चांगला कारागीर सुरतेत सहज मिळत नसे. थोडक्यात, आमच्या खात्याने एका श्रीमंताकडून कर घेतला आणि बारा कारखानदारांना पुन्हा मजूर केलं. हसमुखभाईंच्या राहणीत काही फरक पडलेला मला दिसला नाही.

श्रीमंतांवर कर लावून विषमता खरंच कमी होते का, असं लोक मला निवृत्तीनंतरही विचारतात. एका मुलीच्या फीएवढी होते, एवढं मी खात्रीने सांगू शकतो. त्यापुढचं अर्थतज्ज्ञांनी सांगावं. मी पाहिलं ते इतकंच: कर वाचवायचा असेल तर श्रीमंत माणूस आपली संपत्ती गरिबांत आनंदाने वाटून टाकतो. गरीब ती घ्यायला आला की मात्र श्रीमंताला कर स्वस्त वाटू लागतो.