मैना गाडीत चढेना

“चाचा, टेम खोटी मत करो. चढाओ इसको!” पिकअपवाला ओरडला. टांगेवाल्या चाचांनी घोडीचा लगाम ओढला. गाडीला लावलेल्या फळीवर एक पाय टेकवून मैना मागे सरली.

लहानपणी माधव नगरच्या आम्हा मुलांना चाचांनी मैनाच्याच टांग्यातून शाळेत पोचवलं. घोडीला कधी चाबूक लावला नाही. निघताना एका मुलानं “चल, मैना” म्हणायचं, हा त्यांचा नियम. माझी पाळी आली की मी दप्तरात तोंड खुपसायची. चाचा थांबून राहत. “बेबी, तू बोल ना. माझं ऐकत नाही ती.” या हिंदी मुलखातल्या मराठी घरांत वावरून त्यांची मराठी आमच्याइतकीच हिंदीमिसळ झाली होती. शेवटी माझ्या वतीनं तेच बारीक आवाज काढत, “चल, मैना!” मुलं हसत आणि मैना चालू लागे.

ई-रिक्शा आल्या. मुलं तिकडे गेली, यात्रेकरूही गेले. राम घाटाच्या रस्त्यावर चाचा रिकामा टांगा लावून बसत. “मैना आता पेन्शनवर आहे,” म्हणत. मग नालबंदानं भाता मोडीत काढून पंक्चरचं दुकान टाकलं. नालाविना सिमेंटवर मैनाचे खूर फुटले, ती लंगडू लागली. जिथून आणली त्या गावी चाचा तिला सोडायला गेले. तिथे ट्रॅक्टर, दारोदार मोटरसायकली. घोडं बांधायचा खुंटाही कुणाकडे उरला नव्हता. तशीच तिला चालवत परत आणली.

काल आईला म्हणाले, “वहिनी, वीटभट्टीवाला घेतोय. दुसरं कोणी हात लावत नाही.”

“तिथे नीट ठेवतील का हो?”

चाचा चपला पायात सरकवून पायऱ्या उतरले.

आज मुलांना शेवटचं भेटवायला तिला आमच्या गल्लीत आणली आणि गाडीही इथंच बोलावली. मुलं कुठली? कुणी पुण्याला, कुणी बंगळुरूला. फाटकाशी मी एकटीच.

पिकअपवाल्यानं काठी उचलली.

“मारना मत,” चाचा म्हणाले. “बोलने से चढती है.” त्यांनी तोंड उघडलं. ओठ नुसते हलले. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं, पूर्वी टांगा थांबवून पाहत तसंच. या वेळी माझ्या वतीनं तेही बोलणार नव्हते.

काठी वर गेली.

“चल, मैना,” मी म्हणाले.