बेंबळीच्या भोपळ्याचं बी

सासूबाई बेंबळीहून आमच्याकडं धाराशिवला राहायला आल्या, तेव्हा त्यांच्या पिशवीत शेणाची एक वाळकी चकती होती. तिच्यात लाल भोपळ्याच्या सात बिया थापलेल्या. गावाकडचं सगळं रान सोयाबीनखाली गेलेलं. हा गोड भोपळा आता कुणाच्याच बांधावर उरला नव्हता. घरामागं लावलेल्या सातपैकी तीन उगवल्या. दोन रोपं गोगलगायींनी खाल्ली. राहिलेल्या वेलाला एकच फळ धरलं. हे बी पुढं टिकणार की नाही, ते आता त्या एका भोपळ्याच्या पोटात होतं.

मी रोज सकाळी चहाआधी त्याचा घेर शिवणाच्या टेपनं मोजायची. कोवळ्या फळाला बोट दाखवलं की ते कुजतं, असं सासूबाईंचं म्हणणं. टेपला त्यांची हरकत नव्हती.

देठ वाळला, सालीत नख शिरेना, तेव्हा भोपळा घरात आणला. साडेचार किलो भरला. पण अख्खा भोपळा बाईनं कापायचा नाही, पहिली सुरी पुरुषानं लावायची, ही आमच्याकडची रीत. आणि यजमान कामासाठी मुरुमला गेलेले. फोन केला तर म्हणाले, "उद्या दुपारी येतो. भोपळा काय पळून चाललाय?"

मला उद्यापर्यंत दम निघेना. आत बिया पोकळ निघाल्या तर? मी भोपळा कानाशी धरून हलवून पाहिला. काही कळलं नाही.

"आत्या, शेजारच्या भाऊजींना बोलवू का?"

"कशाला? अर्धा मागतील." सासूबाईंनी भोपळ्यावर एक टिचकी मारली. "कापायचा न्हाय म्हणतेत. आपटायचा न्हाय, असं कोण म्हणलंय?"

"तुम्ही सांगताय हे?"

"मी कुठं काय सांगितलं? तुझ्या हातून निसटला."

मी पायरीखाली धुतलेलं फडकं अंथरलं, भोपळा डोक्याइतका उंच उचलला आणि दगडी पायरीवर सोडला. तीन तुकडे झाले. आतून गर्द केशरी गर, त्यात बियांचा गच्च गोळा. सासूबाई माझ्याआधी खाली बसल्या. त्यांनी एक बी दातानं फोडली. आत पांढरा, भरलेला दाणा. दुसरी मी फोडली, तीही भरलेली. तिसरीही. चौथीला हात घातला, तेव्हा त्यांनी माझ्या मनगटावर चापट मारली.

"पुरं की आता. पेरायला काही ठिवतीस का न्हाय?"