गरम चहा

देवीने मला काय दिलं ते मला ठाऊक आहे. काय घेतलं तेही ठाऊक आहे. पण दोन्ही एकाच हाताने कसं केलं, हे मला अजून उमगत नाही, म्हणून लिहायला बसले. सातवीत शाळा सुटलेली बाई मी, चुकलंमाकलं सांभाळून घ्या.

आमची वरूडजवळ संत्र्याची बाग. आंबिया बहारासाठी थंडीत झाडांचं पाणी बंद करतात, त्याला ताण देणं म्हणतात. पानं मलूल होतात, झाड मरतंय की काय असं वाटतं. मग ताण तोडायचा, म्हणजे पाणी सोडायचं, की फुलं येतात. आमच्याकडे ते पहिलं पाणी आईच सोडायची, आणि तिच्यामागे ते लेकीने सोडायचं, असं ती म्हणायची. लग्नानंतर मी सुरतेला गेले, घरी बसून साड्यांना लेस लावते. यंदा ताण चालू असतानाच दादाचा फोन आला, आईने अन्न सोडलंय, लवकर ये.

निघाले, पण गाडी अकोल्याच्या अलीकडे उभी राहिली ती हलेचना. दादाचे फोनवर फोन. माझं सासर वरूडलाच, त्यामुळे मी आधी तिकडे उतरून आराम करीन, आजाऱ्याच्या सेवेतून अंग काढीन, असा टोमणा त्याने मारलाच. आईचा जीव फक्त माझ्या हातच्या पाण्यासाठी अडकलाय, हेही म्हणाला. बडनेऱ्याला उतरले, ऑटोने अमरावतीचा स्टँड गाठला, तर वरूडची बस नुकतीच गेलेली. दादाला तसं फोन करून सांगितलं. त्याने फोन आपटला.

बाजूच्या टपरीवरून कागदी कपात चहा घेतला आणि तो तसाच हातात धरला. उभ्या उभ्या अमरावतीच्या देवीला, अंबामायला म्हटलं, मला आता काही सुचत नाही, तूच बघ. तिच्या देवळातून रुक्मिणीला कृष्णाकडे जाण्यासाठी भुयार निघालं, ते कुठच्या कुठे जातं, ही गोष्ट आई आम्हाला फार सांगायची. भिंतीला टेकून एक म्हातारी झेंडूची फुलं विकत होती. मला म्हणाली, "कावून रडून रायली वं माय? वरूडले जायचं ना? मंग या भितीच्या मांगून जाय. जवय पडते."

स्टँडमागून कुठला रस्ता, हा विचारही मनात आला नाही. मी भिंतीला वळसा घातला. दहा-बारा पावलं गेले असेन. पायाखालचं डांबर गेलं, ढेकळं आली. मान वर केली तर आमच्याच बागेचा धुरा, म्हणजे बांध, आणि दोन्ही बाजूंना ताणावरची मलूल झाडं. बसने तीन तासांची वाट. हातातल्या कपातून वाफ निघत होती.

मी धावतच अंगणात शिरले. दादाच्या हातात अजून फोन होता. त्याने माझ्याकडे पाहिलं, मग कपाकडे. कप घेऊन बोटाने चाचपला.

"आता अमरावतीच्या स्टँडवर होती ना तू? चहा तं गरमच हाये तुया."

मी घाबरून खरं तेच सांगितलं, म्हातारी, भिंत, सगळं. त्याने चहा मातीत ओतला.

"माय मरून रायली अन् तू मले गोष्टी सांगून रायली?"

मी आत गेले. चमच्याने आईच्या तोंडात पाणी सोडलं, ते तिने गिळलं. डोळे उघडून हलकेच म्हणाली, "भुयारातून आली काय वं बाई?" दादाला वाटलं, ती बरळते आहे. त्यानंतर ती बोलली नाही. ऊन कलायच्या आत गेली.

तेरवीपर्यंत दादा माझ्याशी बोलला नाही. नातेवाइकांत मात्र बोलत होता, की ही सासरी लपून बसली होती. तिकीट दाखवलं तर त्यांनाच म्हणाला, ते कोणाचंही असते. ताण तोडायच्या दिवशी पाणी त्याने वहिनीकडून सोडवून घेतलं. मी धुऱ्यावर उभी राहून दांडातून पाणी झाडांकडे जाताना पाहिलं. परतताना स्टँडमागे जाऊन आले. तिथे मोडकी बाकं आणि मुताचा वास. म्हातारी नव्हती, आणि टपरीवाला म्हणाला, इथे फुलं कोणीच विकत नाही.

यंदा बाग फुलांनी लदली, असं वहिनीने चोरून कळवलं. दर वर्षी तोडणी झाली की सुरतेला संत्र्यांची पेटी यायची, ती आली नाही. बरंही वाटलं, रडूही आलं.

सुई चालवताना कधी देवीचा राग येतो. म्हणते, बसनेच पाठवलं असतंस तर दादाचा विश्वास राहिला असता. पण मग तो चमचा आईच्या ओठांना लागला नसता. दोन्हीतलं एकच मिळणार होतं, आणि कोणतं ते मला विचारलं गेलं नाही. ताण किती द्यायचा हे झाडाला तरी कोण विचारतं? विचारलं असतं तर मीही तो चमचाच मागितला असता. म्हणून रोज सकाळी देवीपुढे चहाचा कप ठेवते, वाफ निघतेय तोवर हात जोडते, आणि मग दादाला फोन लावते. तो उचलत नाही. मी लावते.