अमावास्येचा माग

दुसऱ्या वर्गाचा मॅजिस्ट्रेट म्हणून बेळगावात रुजू झालो तेव्हाचा माझा तोरा काही विचारू नका. मूळचा मी रत्नागिरीकडचा, कायदा तोंडपाठ आणि राग नाकाच्या शेंड्यावर. साक्षीदार अडखळला की मी टेबलावर रूळ आपटायचो. शिपाई हळूच म्हणायचा, "सायेब, टेबल सरकारी हाय."

एकदा वडगावचा एक विणकर माझ्यापुढे उभा राहिला. व्यापाऱ्याची फिर्याद अशी, की साड्या विणायला दिलेल्या रेशमातलं थोडं यानं चोरलं आणि त्यातून स्वतःसाठी साडी विणून विकली. विणकर म्हणाला, "म्या न्हाय केलं," आणि गप्प बसला. वकील नाही, काही नाही. मागं त्याची बायको तान्हं पोर कडेवर घेऊन उभी. हा तुरुंगात गेला तर घरातला एकुलता एक माग थांबणार, आणि चोराचा शिक्का बसलेल्या माणसाला पुन्हा रेशीम कोण देणार?

व्यापाऱ्याचा साक्षीदार मात्र पोपटासारखा बोलला. तो शहरातला किराणा दुकानदार. गेल्या महिन्यात अमुक सोमवारी भर दुपारी आपण वडगावात गेलो होतो, तेव्हा हा मागावर बसून तेच रेशीम विणत होता, असं त्यानं शपथेवर सांगितलं. मी विणकराला विचारलं, "याला काही विचारायचंय?" त्यानं नुसती नकारार्थी मान हलवली. मी मनात म्हटलं, झालं, याच्या पोटात पाप आहे. दुसऱ्या दिवशी सकाळी कचेरीत येताच निकाल लिहून ड्रॉवरमध्ये टाकला. तीन महिने सक्तमजुरी. दुपारी वाचून दाखवायचा, एवढंच उरलं होतं.

जेवायला घरी आलो तर बायको धुसफुसत होती. "अहो, काय म्हणावं तुमच्या या गावाला? माझं लुगडं आज मिळायचं होतं. माणूस पाठवला, तर निरोप आला, आज अमावास्या, माग बंद. अख्ख्या वडगावात आज एक धोटा हलायचा नाही म्हणे. मागच्या अमावास्येलाही हेच रडगाणं."

माझा घास हातातच राहिला. "मागची अमावास्या कोणत्या वारी होती?"

"सोमवती होती की! पिंपळाला प्रदक्षिणा घालून माझे पाय भरून आले होते, आणि तुम्ही मला हसलात."

ताट तसंच टाकून उठलो. कचेरीत जाऊन साक्षीदाराला पुन्हा उभं केलं. विणकरांना सुट्टीच होती, त्यामुळं वडगावची वीसेक मंडळी मागं येऊन बसली होती.

"त्या सोमवारी याचा एकट्याचाच माग चालू होता?"

"छे छे सायेब, सगळ्यांचेच की. अख्खी गल्ली वाजत होती. कानाला दडे बसले बघा."

आधी एक जण खोकला. मग सगळे हसले. शिपाई भिंतीकडं तोंड करून उभा राहिला, पण त्याचे खांदे हलत होते. मी पंचांग मागवलं आणि त्या सोमवारची तिथी साक्षीदारालाच मोठ्यानं वाचायला लावली. वाचता वाचता गडी घामानं निथळला. मग दोघा विणकरांची शपथेवर साक्ष घेतली आणि आरोपीला सोडून दिलं. त्याच्या बायकोनं पदर डोळ्यांना लावला. मलाही लई बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

पण राग काही जाईना. विणकराला जवळ बोलावून म्हटलं, "अरे बाबा, ही गोष्ट तू आधी का नाही बोललास?"

"अमावास्येला माग चालत न्हाय, हे शेंबडं पोरगंबी सांगंल," तो शांतपणे म्हणाला. "तुम्ही तर एवढं शिकल्यालं. तुमास्नी ठाव असणारच की. उगंच मधी बोलून तुमचा अपमान कशाला करायचा?"

माझ्या शहाणपणाच्या भरवशावर तो माणूस निर्धास्त उभा होता, आणि त्याचे तीन महिने माझ्या ड्रॉवरमध्ये पडले होते.

तो कागद संध्याकाळी घरी नेला आणि बायकोला म्हटलं, चुलीत घाल.

"काय आहे यात?" तिनं विचारलं.

"माझी अक्कल," मी म्हटलं.