हीटरची गार हवा

आमच्या घरात गाडी थंड ठेवण्याचं काम माझं आणि मला तापवण्याचं काम सासूबाईंचं. दोन्ही कामं बिनबोभाट चालतात. त्यांच्या किडन्या गेल्यापासून एक दिवसाआड मी त्यांना पोशीरहून चौकच्या पुढे, रसायनीच्या वाटेवरच्या हॉस्पिटलात डायलिसिसला नेते. मी शिक्षिका, माझी शाळा सकाळची, त्यांचं मशीन दुपारचं. नवरा साजगावच्या कारखान्यात, आणि तिथे आत शिरताना फोन गेटवर ठेवावा लागतो. त्यामुळे ड्रायव्हर मी आणि मेकॅनिकही बराचसा मीच, कारण गॅरेजवाल्याचं "होऊन जाईल ताई" ऐकलं की माझं डोकं फिरतं.

त्या ऑक्टोबरात सासूबाईंनी एक खेप चुकवली होती. चुकवली म्हणजे गाडीत बसायलाच नकार दिला. "पुरं झालं. सुया टोचून टोचून हाताची चाळन झाली. आता मी नाय यायची." मी समजावलं, नवऱ्याने हात जोडले, त्या ओटीवर बसून भिंतीकडे बघत राहिल्या. पुढच्या खेपेपर्यंत पाय सुजून टम्म झाले, रात्री आडवं होता येईना, दोन वाक्यांच्या मध्ये दम लागायला लागला. ज्यांच्या किडन्या पाणी बाहेर टाकत नाहीत त्यांचं पाणी अंगातच साठतं, मग छातीत चढतं. डॉक्टरांनी फोनवर मला स्पष्ट सांगितलं, आज मशीन लागलंच पाहिजे, उद्यावर ढकलू नका. सासूबाई कशाबशा तयार झाल्या. पण गाडीत बसताना म्हणाल्या, "आज येत्ये. ह्याच्या म्होरं मला इचारू नको." मी हो म्हटलं. आधी मशीनपर्यंत पोचवू, भांडायचं ते परतीच्या वाटेवर, असा माझा हिशेब होता.

निघण्याआधी मी नेहमीप्रमाणे बॉनेट उघडून कूलंटची बाटली पाहिली होती. इंजिन म्हणजे सतत पेटलेली चूल. तिच्या भिंतींतून पाणी खेळत असतं. ते पाणी आतली धग उचलून पुढच्या रेडिएटरमध्ये येतं, तिथल्या बारीक नळ्यांमधून उतरताना समोरच्या वाऱ्याने निवतं आणि पंप त्याला पुन्हा आत ढकलतो. नुसतं पाणी घातलं तर गंज धरतो, आणि आमच्या बोअरच्या पाण्याने तर नळ्यांत चुन्याचे थर बसतात, म्हणून त्यात कूलंट मिसळायचं. रेडिएटरचं झाकण दाब धरून ठेवतं, त्यामुळे ते पाणी शंभर अंशांनाही उकळत नाही. तापून फुगलं की जास्तीचं पाणी शेजारच्या प्लास्टिकच्या बाटलीत जातं, इंजिन निवलं की परत ओढलं जातं. बाटलीवर दोन खुणा आहेत, त्यांच्यामध्ये पाणी असलं की सगळं ठीक. त्या दिवशी बाटली वरच्या खुणेला होती.

बॉनेटच्या तोंडाशी जाळीला सासूबाईंनी बांधलेलं नवं होतं. आमच्याकडे भात तयार झालं की नव्या लोंब्या, कुरडूची फुलं, आंब्याचं पान, झेंडू अशी जुडी वळून दाराला, धान्याच्या कणगीला, नांगराला बांधतात. ज्याच्यावर घर चालतं त्या प्रत्येकाला. एकदा बांधलं की ते आपल्या हाताने सोडायचं नसतं. आजारी असूनही त्यांनी ते ओटीवर बसून वळलं आणि गाडीला बांधताना म्हणाल्या, "हिच्यावरच मी चालत्ये ना." लोंब्या चांगल्या मूठभर जाड होत्या. वारा अडेल, असं माझ्या तोंडावर आलं होतं, पण त्या वाक्यानंतर काय बोलणार?

नेरळ, कर्जत सुखरूप पार पडलं. चारफाट्यावरून चौकच्या रस्त्याला लागलो आणि पहिल्याच मोठ्या चढावर तापमानाचा काटा मधली जागा सोडून वर निघाला. त्या काट्याची जागा मला नवऱ्याच्या चेहऱ्याइतकी पाठ आहे. मी एसी बंद केला, काचा खाली घेतल्या. काटा चढतच होता. नाकाला गोडसर वास आला, तापलेल्या कूलंटचा.

अशा वेळी एक उपाय असतो. हीटर पूर्ण सोडायचा. गाडीचा हीटर म्हणजे डॅशबोर्डच्या आतला एक छोटा रेडिएटरच, इंजिनाचं तापलेलं पाणी त्यात येतं आणि त्याची धग आपल्या अंगावर. आपण भाजतो, इंजिन वाचतं. ऑक्टोबरच्या उन्हात, दम लागलेल्या म्हातारीच्या अंगावर हीटर सोडायचा म्हणजे पापच, पण गाडी थांबली तर त्याहून वाईट. मी बटण शेवटपर्यंत फिरवलं.

गार हवा आली.

"हां, आता बरं वाटलं," सासूबाई म्हणाल्या आणि डोळे मिटून तोंड त्या हवेकडे केलं.

इंजिन तापलेलं आणि हीटर गार, याचा एकच अर्थ. हीटरपर्यंत पाणी पोचतच नव्हतं. पंप नुसती हवा घुसळत होता. अशी गाडी अजून थोडी रेटली तर इंजिन जागीच बसणार आणि मग हॉस्पिटल राहिलं बाजूला. मी कडेला एका करंजाच्या सावलीत थांबले आणि इंजिन बंद केलं.

"का गं?"

"थोडं पाणी कमी झालंय, आई. भरते."

हॉस्पिटलला फोन केला. त्यांची अँब्युलन्स दुसरा पेशंट घेऊन पनवेलकडे गेली होती, परतली की पाठवतो म्हणाले. हात दाखवून एक टेंपो थांबवला, तो पेंढ्याने शिगोशिग भरलेला आणि कर्जतकडे निघालेला. आई मागच्या सीटवर दोन्ही हात टेकून ताठ बसल्या होत्या, खांदे प्रत्येक श्वासाला वर जात होते. मी बॉनेट उघडलं. वाफेचा लोट आला. झाकणाला मी हात लावला नाही. तापलेलं झाकण उघडलं की दाबाखालचं पाणी फवाऱ्यासारखं तोंडावर येतं, त्यात डोळे गेलेला माणूस मी पाहिलाय. थांबणं भाग होतं. आयुष्यात मी इतकी वाईट कधी थांबले नसेन.

थांबल्या थांबल्या बघितलं तर इंजिनातून रेडिएटरकडे येणारा वरचा जाड रबरी पाइप टोकाशी कुरतडलेला. नखाएवढं भोक. आणि त्याच्या खालच्या खोबणीत भाताचं तूस. सालं, कोंडा, उंदराच्या लेंड्या. नव्याच्या वासाने उंदीर आला होता. लोंब्या खाता खाता आत शिरला, रात्री इंजिनाच्या उबेला राहिला आणि रबरावर दात घासून गेला. भोकातून पाणी गळत राहिलं, आणि इंजिन निवताना बाटलीतलं पाणी ओढून घेण्याऐवजी त्याच भोकातून हवा ओढत राहिलं. म्हणून बाटली भरलेली, रेडिएटर रिकामा. मी रोज बाटलीला नमस्कार करत होते आणि देव आत नव्हता.

मला इतका राग आला की ती जुडी ओरबाडून शेतात भिरकवावी. मी मागे पाहिलं. आई माझ्याकडेच बघत होत्या. त्यांना हे कळलं तर त्या काय म्हणणार ते मला ऐकू येत होतं. देवाचं म्हणून बांधलं, त्यानंच वाट अडवली, म्हणजे वर बोलावनं आलं. मग पुन्हा त्यांना गाडीत बसवणं ब्रह्मदेवालाही जमलं नसतं. मी तूस मुठीत गोळा करून ओढणीच्या टोकात बांधलं.

"काय झालं?" त्यांनी विचारलं.

"पाइप जुना होता. फाटलाय."

शेजारच्या खाचरात वाडीवरच्या बायका भात कापत होत्या. एव्हाना त्यांतल्या दोघी बांधावर आल्या होत्या, एक वयस्कर आणि एक तिची सून असावी.

"पानी पायजे का?" वयस्कर बाईने विचारलं.

"हंडाभर हवंय. आणि तुमचा विळा द्याल जरा?"

सून हंडा आणायला गेली. मी फडकं गुंडाळून झाकण थोडं फिरवलं. फुस्स झालं, थांबले, पुन्हा फिरवलं. मग पेचकसाने क्लिप सैल करून पाइप ओढून काढला आणि विळ्याने कुरतडलेलं टोक कापायला घेतलं. पाइप जेमतेम पुरेल इतकाच लांब होता. वाकडं कापलं गेलं असतं तर संपलंच असतं. हात घामाने निसटत होते.

तेवढ्यात वयस्कर बाई गाडीच्या दारापाशी गेली. दारात आलेल्याला आधी पाणी द्यायचं, ही रीत. तिने आपला पितळी तांब्या भरून आईंच्या हातात दिला.

"त्यांना पाणी देऊ नका," मी ओरडले.

बाई माझ्याकडे वळली. "पान्याला नाय म्हनत्येस? म्हातारी सुकल्ये बग कशी."

समोर हंडा येत होता, तो मी गाडीत ओतणार होते, आणि सासूला घोटभर नको म्हणत होते. त्या बायकांच्या नजरेत मी कोण होते ते मला स्वच्छ दिसत होतं. आईंना दिवसाला मोजकं पाणी, ते सकाळीच संपलेलं. छाती आधीच पाण्याने भरलेली. त्यात हा तांब्या पोटात गेला असता तर रसायनीचं तोंड दिसलं नसतं. माझा एक हात पाइपवर, दुसरा विळ्यावर. सोडून धावले असते तरी त्यांनी मला जुमानलं नसतं.

"आई," मी म्हटलं. एवढंच म्हटलं.

त्यांनी तांब्या दोन्ही हातांनी धरला. किती दिवसांत त्यांनी असा भरलेला तांब्या हातात धरला नव्हता. वर उचलला, तोंड भरून पाणी घेतलं आणि तसंच धरून ठेवलं. डोळे मिटलेले, गाल फुगलेले. मी त्यांच्या गळ्याकडे बघत होते. तो हलला असता तर मी काहीही करू शकले नसते. मला रडू यायला लागलं आणि त्याचाही राग आला.

मग त्या दाराबाहेर वाकल्या आणि चूळ टाकली. सगळं पाणी, खळकन रस्त्यावर. तोंड पदराने पुसलं, तांब्या त्या बाईला परत दिला.

"ह्ये गाडीत वत," त्या म्हणाल्या. "मला नाय चालत, बाय. तिची चूक नाय त्यात."

बाई तांब्या घेऊन माझ्याकडे आली.

मी पाइप बसवला, क्लिप आवळली. इंजिन सुरू करून रेडिएटरमध्ये बारीक धारेने पाणी सोडत राहिले, कारण तापलेल्या इंजिनात एकदम गार पाणी ओतलं तर ते तडकतं. हंडा जवळजवळ अख्खा गेला. बुडबुडे यायचे थांबले तसं झाकण लावलं, पण पहिल्या खाचेपर्यंतच, म्हणजे दाब फार वाढणार नाही आणि घाईत जोडलेला पाइप निसटणार नाही. मग आत बसून हीटर लावला आणि जाळीपुढे हात धरला. क्षणभर काहीच नाही. नंतर भट्टीसारखी गरम हवा आली. पाणी फिरायला लागलं होतं.

"आता भाजेल, आई. बंद करता येणार नाही."

"चल."

चौकपर्यंत मी काट्यावरून नजर हलवली नाही. मागून श्वासाचा आवाज येत होता, मधे घरघर, मधे शांतता. शांतता झाली की मी काहीतरी विचारायची, त्या "हूं" म्हणायच्या. तेवढ्यावर आम्ही हॉस्पिटल गाठलं. व्हीलचेअर, ऑक्सिजन, सुया सगळं एकदमच झालं. सिस्टर मला म्हणाली, अजून थोडा उशीर झाला असता तर सांगता आलं नसतं. मी बाहेर बाकावर बसले आणि मोकळेपणी रडले.

संध्याकाळकडे आत गेले तेव्हा मशीन फिरत होतं आणि आईंचा श्वास लागत नव्हता. त्या माझ्या ओढणीच्या गाठीकडे बघत होत्या.

"उंदीर व्हता ना?"

मी गाठ मुठीत झाकली.

"त्याला बी नवं खावंसं वाटनारच," त्या म्हणाल्या.

आता पुढचं वाक्य काय असेल या धास्तीने मीच घाईघाईत बोलले, "गाडी आजच इथल्या गॅरेजला द्यावी लागेल. नवीन पाइप घालून सगळं कूलंट बदलून घेते. परवाच्या खेपेला काही मिळणार नाही." आणि बोलता बोलताच माझ्या लक्षात आलं की त्यांना हवी होती ती सबब मीच त्यांच्या हातात ठेवली.

त्यांनी मशीनकडे एकदा पाहिलं. मग सुई नसलेला हात पुढे केला. "फोन लाव. माझ्या भाच्याला."

त्यांचा भाचा नेरळ स्टेशनला रिक्षा चालवतो. मी नंबर लावून फोन त्यांच्या कानाला धरला.

"रिक्षा घिऊन परवा ये. दुपारच्याला," त्या म्हणाल्या. "मला रसायनीला जायाचं हाय. नाय, तुझी वयनी बी यील. आन ऐक रं, निघायच्या आदी रिक्षातलं पानी बगून घे."

भाच्याच्या रिक्षाला पाणी लागत नाही, तिचं इंजिन नुसत्या वाऱ्यावर निवतं. पलीकडून तो तेच सांगत असावा, पण मी त्यांच्या कानापाशी धरलेला फोन हलू दिला नाही.